मुणखोलची शीव

मुणखोलच्या रवळनाथाने उजवा कौल दिला आणि देवळात जमलेल्यांपैकी निम्म्यांची तोंडं उतरली. गावपळण म्हणजे काही सहल नव्हे. तीन दिवस, तीन रात्री अख्खं गाव रिकामं करायचं. माणसं, गुरं, कोंबड्या, कुत्री, मागे म्हणून कुणी ठेवायचं नाही. खाडीपलीकडच्या माळावर माडाच्या झापांच्या खोपी घालायच्या, तिथेच चुली मांडायच्या आणि गाव देवाच्या हवाली करून टाकायचं. कुणी म्हणतं, पूर्वी पटकी यायची तेव्हा ही रीत पडली. कुणी म्हणतं, त्या तीन दिवसांत गावातून देवचाराचं भूत फिरतं. कारण काही असो, रवळनाथ म्हणाला मार्गशीर्षातल्या पुनवेला बाहेर पडा, म्हणजे पडायचं. फ्रिजमधल्या मासळीचं काय करायचं हा प्रश्न देवाला विचारत नाहीत.

मैथिली घाडी त्या सकाळी देवळात होती ती केवळ रिवाज म्हणून. कौलाला प्रत्येक घरातलं एक माणूस हजर लागतं. तिचे वडील वारले होते आणि भाऊ नव्हता. लग्न होऊन गेलेल्या मुलीला एरवी कुणी बोलावलं नसतं. पण तिचा काका सहदेव घाडी हा गावाच्या शिवेवर राखण घालणारा, म्हणजे कोंबडा-नारळ देणारा मानकरी, आणि त्याने ठणकावून सांगितलं होतं की माझ्या भावाचं घर बंद धरायचं नाही. म्हणून ती कुडाळहून आली होती. पाच वर्षांची जुई सासूबाईंजवळ होती. नवरा बोटीवर नोकरीला, तो आणखी चार महिने समुद्रातच. "जेवायला येते," असं जुईला सांगून ती निघाली होती.

पण काकूने जेवल्याशिवाय सोडलं नाही. मग वडिलांच्या काजूच्या बागेत एक फेरी झाली, मग चहा. मैथिली साकवाशी पोचली तेव्हा संध्याकाळ होत आली होती. मुणखोलला तीन बाजूंनी खाडी आणि चौथीला डोंगर. बाहेर पडायची वाट म्हणजे हा एक साकव, खाडीवरचा अरुंद पूल. त्याच्या तोंडाशी खांबावर एक राखाडी डबा बसवलेला होता. मैथिली वीसेक पावलांवर असताना तो डबा लाल झाला. हल्ली सगळ्यांच्याच मनगटात असते तशी तिच्याही मनगटात पट्टी होती; ती थरथरली, पट्टीचा हिरवा दिवाही लाल झाला आणि साकवाचं फाटक आपोआप मिटलं. मागून गावातून एकच गलका ऐकू आला, कारण तेव्हाच सगळ्यांचीच मनगटं थरथरली होती.

या डब्याला कानोसा म्हणत, आणि त्याचा कान तयार करणाऱ्यांत मैथिली स्वतः होती.

काही वर्षांपूर्वी वाघळी ताप आला आणि त्याने घाटमाथ्यावरची गावंच्या गावं आडवी केली. ताप वटवाघळांतून येतो हे कळल्यावर लोकांनी दिसेल ते वटवाघूळ मारायला सुरुवात केली. मैथिली पुण्याच्या एका संस्थेत वटवाघळांचा अभ्यास करायची. तिच्या सहकाऱ्यांनी तेव्हा गावोगाव हिंडून एकच गोष्ट घसा फोडून सांगितली: अहो, वटवाघूळ ही एक जात नाही. जगात त्यांच्या चौदाशेच्या वर जाती आहेत. कुणी फळं खातं, कुणी किडे, कुणी बेडूक, कुणी मासे. एकाच्या गुन्ह्यासाठी सगळ्यांना फाशी द्यायची, तर मग मांजराने दूध सांडलं म्हणून गोठ्यातली गायही मारा.

या जातींची वंशावळ मांडताना शहाण्यांचीही फजिती झालेली आहे. पूर्वी सोपी विभागणी होती. डोळ्यांवर विसंबणारी मोठी फळखाऊ वाघळं एका घरात, आणि आवाज सोडून त्याच्या प्रतिध्वनीवर वाट काढणाऱ्या लहान पाकोळ्या दुसऱ्या घरात. मग रक्तातली जनुकं वाचता येऊ लागली आणि कळलं की पाकोळ्यांपैकी काही, ज्यांच्या नाकावर घोड्याच्या नालेसारखी कातडीची घडी असते त्या, बाकीच्या पाकोळ्यांपेक्षा त्या मोठ्या फळखाऊंनाच जवळच्या. तोंडावळ्यावरून भाऊ वाटले ते लांबचे निघाले, आणि ज्यांचं एकमेकांशी काही जुळत नव्हतं ते सख्खे.

मैथिलीचं नाव झालं ते अशाच एका नालनाकीमुळे. सह्याद्रीतल्या एका जातीच्या तिने दोन जाती करून दाखवल्या. दिसायला दोन्ही सारख्या. पंख, दात, नाकाची नाल, केसांचा रंग, काही म्हणून वेगळं नाही. फरक होता तो रक्तात आणि आवाजात. माणसाच्या कानाला सेकंदाला वीस हजार कंपनांपर्यंत ऐकू येतं. कोकणातली नालनाकी ओरडते ती ब्याण्णव हजारांवर, घाटावरची शहाऐंशी हजारांवर. पुढे ताप आला तेव्हा त्याचा विषाणू सापडला तो फक्त घाटावरचीत. कोकणातली अगदी निर्मळ. कोकणातल्या लोकांना याचं मोठं समाधान वाटलं होतं. आजार घाटावरूनच येणार, हे ते आधीपासूनच म्हणत होते.

मग कानोसा आला. गावोगाव खांबांवर डबे बसले. रात्रभर ऐकायचं, प्रत्येक आवाजाची जात ओळखायची, आणि घाटावरची नालनाकी वस्तीजवळ ऐकू आली की गाव बंद करायचं. माणूस मध्ये नाही, कारण माणूस वशिला लावतो. लाल पट्टी घेऊन कुणी शिवेबाहेर गेलंच, तर तो जिथे पोचेल ते गावही बंद व्हायचं. म्हणजे मैथिलीने खाडी पोहून कुडाळ गाठलं असतं, तर पहिली पट्टी लाल झाली असती ती जुईची.

पंधरा दिवसांत तो आवाज थांबला नाही, तर वर उडणारी यंत्रं येऊन गुहेत धुरी सोडत. धुरीनंतर आत काही जिवंत राहत नसे, आणि तिसऱ्या दिवशी गाव मोकळं होई.

सहदेवकाका साकवापर्यंत आला, त्याने डब्याकडे पाहिलं, मग देवळाकडे.

"देव सांगता भायर पडा," तो म्हणाला, "आणि ह्यो डबो सांगता हलू नको. आता आयकूचा कोणाचा?"

मैथिलीने त्याला समजावलं की पुनवेला अजून अवकाश आहे, काहीतरी चूक असेल, दोन दिवसांत उलगडा होईल. डोंगरातल्या भुयारात राहणाऱ्या पाकोळ्या तिच्या ओळखीच्या होत्या. शिकत असताना त्यांचे आवाज तिनेच टिपले होते आणि त्या अस्सल कोकणातल्या होत्या. तिने तिथूनच पुण्याला इरफान मुल्लाला फोन लावला. इरफान तिच्या बरोबरीचा, आता कानोसाचा प्रमुख. त्याने नोंदी उघडून पाहिल्या आणि त्याचा आवाज पडला. मुणखोलचा डबा चार संध्याकाळी सलग शहाऐंशी हजार ऐकत होता. आणि एकटं मुणखोल नव्हे, त्या आठवड्यात किनाऱ्यावरची बरीच गावं बंद झाली होती.

"घाटावरची खाली उतरली असेल," तो म्हणाला. "मैथिली, मी काही करू शकत नाही. तुला माहीत आहे, आपणच तसं बनवलंय."

तिला माहीत होतं. आपणच बांधलेल्या कोंडवाड्यात आपणच सापडायचं, हा प्रकार तिने आजवर फक्त म्हणीत ऐकला होता.

दुसऱ्या दिवसापासून संध्याकाळी सासूबाई जुईला घेऊन साकवाच्या पलीकडच्या टोकाशी येऊ लागल्या. मध्ये खाडीचं पाणी. जुई हात हलवायची, ओरडून शाळेतलं सांगायची, वारा तिचे अर्धे शब्द पळवायचा. फोनवर चेहरा दिसायचा, पण जुईला फोन नको होता; तिला खरी आई हवी होती आणि ती समोर दिसत असूनही येत नव्हती. पाच वर्षांच्या मुलीला कंपनांचा हिशेब कसा समजावणार? "तुला यायचंच नाहीये," असं ती चौथ्या-पाचव्या दिवशी म्हणाली. मैथिली फाटकाचे गज धरून उभी राहिली आणि तिला त्या डब्याचा, त्या गजांचा आणि स्वतःच्या हुशारीचा मनापासून राग आला.

एके संध्याकाळी जुई पलीकडे पळता पळता पडली. गुडघा फुटला असावा. मैथिली "जुई" म्हणून ओरडली. जुईने साकवाकडे पाहिलंदेखील नाही. ती उठली आणि रडत आजीच्या पदरात शिरली. आजीने तिला उचललं. मैथिलीला कळलं की मुलं अशीच सवय लावून घेतात, त्यात त्यांचा दोष नसतो, आणि हे कळल्याने तिला तसूभरही बरं वाटलं नाही.

इकडे गावाचा धीर सुटत चालला. पुनव जवळ येत होती. बंद गावातून गावपळण कशी करणार, आणि देवाने सांगितलेली गावपळण चुकवली तर काय होणार, याच्या गोष्टी ओसरीओसरीवर चालू झाल्या. कुणाची म्हैस आटली, कुणाचा नातू पडला, तर बोट रवळनाथाकडे जाऊ लागलं. नियमात एक पळवाट होती, ती ग्रामसेवकाने शोधून काढली. आत एखादा तज्ज्ञ असेल आणि त्याने जात घाटावरचीच म्हणून दुजोरा दिला, तर पंधरा दिवस थांबायची गरज नव्हती. धुरी लगेच, आणि तिसऱ्या दिवशी फाटक उघडं.

सहदेवकाका पडवीत येऊन बसला. त्याने आडपडदा ठेवला नाही. गाव तुझ्याकडे बघतंय, म्हणाला. तू हो म्हणालीस की गाव सुटतं, देवाचा शब्द राहतो, आणि तूही तुझ्या चेडवाकडे, जुईकडे जातेस. पाकोळ्या काय, एका भुयारात मेल्या तर दुसऱ्यात आहेतच. त्याने हे काही दुष्टपणाने म्हटलं नव्हतं. शिवेची राखण घालताना कोंबड्याचं रक्त सांडणारा माणूस तो. काहीतरी दिल्याशिवाय काही मिळत नाही, एवढंच त्याला ठाऊक होतं.

"तू सांग गो," तो शेवटी म्हणाला, "ती घाटावरची, की आमची?"

मैथिली म्हणाली, आधी मला ऐकू दे.

तिच्या पिशवीत आवाज टिपायचं एक हाताएवढं यंत्र कायम असे. इतर बायका छत्री ठेवतात तसं. दिवेलागणीला ती भुयाराच्या तोंडापासून लांब, काजूच्या झाडाखाली जाऊन बसली. अंधार धरू लागला तशा पाकोळ्या बाहेर पडल्या. यंत्राच्या पडद्यावर ब्याण्णव हजाराची रेघ उमटली, एकामागून एक, सरळ, स्वच्छ. तिला हायसं वाटलं. मग थोड्या वेळाने खाली दुसरी रेघ आली. शहाऐंशी. मग आणखी एक, पंच्याऐंशीच्या जवळपास. तिने मान वर केली.

त्या खालच्या सुरात ओरडणाऱ्या पाकोळ्या नीट उडत नव्हत्या. भुयाराच्या तोंडाशीच घिरट्या घालत होत्या, फांदीला अडखळत होत्या, एक तर चक्क काजूच्या पानांत अडकून धडपडली. पाच-दहा मिनिटांत त्या दमून आत परतल्या. मोठ्या पाकोळ्या केव्हाच डोंगरापलीकडे गेल्या होत्या.

मैथिलीने यंत्र मांडीवर ठेवलं. तिला समजलं होतं, आणि ते इतकं साधं होतं की तिला शरमच वाटली.

ती पिल्लं होती. कोकणातल्या नालनाकीची पिल्लं दसऱ्याच्या सुमाराला जन्मतात आणि कार्तिक सरता सरता उडायला शिकतात. पिल्लाच्या नाकाची नाल लहान असते, घसा कच्चा असतो, म्हणून त्याचा सूर मोठ्यांच्या खाली लागतो. महिनाभरात तो चढत चढत ब्याण्णवला पोचतो. म्हणजे काही आठवडे आपल्याच जातीचं पोर परक्या जातीसारखं बोलतं. कानोसाने ते ऐकलं आणि गावं बंद केली.

पण एवढी मोठी गोष्ट यंत्राला कुणी शिकवली कशी नाही? कारण ज्यांनी शिकवलं त्यांनी ती कधी ऐकलीच नव्हती. वटवाघळांचा अभ्यास करणाऱ्यांत एक नियम आहे, आणि तो ते कुळाचारासारखा पाळतात: पिल्लं अंगावर असताना भुयाराकडे फिरकायचं नाही. आया बिथरतात, उडताना पोर सुटतं, खाली पडलेलं पोर मरतं. म्हणून दसरा ते पौष सगळे संशोधक घरी बसतात आणि त्याचा त्यांना अभिमान असतो. मैथिलीलाही होता. तिने आणि तिच्यासारख्या सगळ्यांनी यंत्राला हजारो आवाज ऐकवले, ते सगळेच्या सगळे थोरांचे. त्यांच्या दयाळूपणामुळे यंत्राने आयुष्यात कधी लहान मूल ऐकलं नव्हतं. आणि पहिल्या वर्षी घाटावरच डबे होते. किनाऱ्यावरचे डबे या पावसाळ्यानंतरच बसले होते.

इरफानने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाला, तुझं खरं आहे, मला पटतं, पण यंत्राला पटायला हवं. उडत्या पाकोळीचा आवाज त्याला चालत नाही. कुठला आवाज कुणाचा, याची खात्री नसते. पिल्लू हातात धरून टिपलेला आवाज हवा, आणि त्याच पिल्लाच्या रक्ताचा थेंब. मैथिलीच्या पिशवीत रक्त वाचणारी कुपीही होती. एका पिल्लाने भागलं असतं.

"तू कुणाला तरी पाठव," ती म्हणाली.

"कुणाला? ज्या गावांच्या भुयारांत ही पिल्लं आहेत त्या सगळ्यांना टाळं आहे. बाहेरून आत कुणाला सोडत नाहीत. आत असलेली तू एकटीच."

पुढचं त्याने सांगितलं नाही, कारण तो नियमही दोघांनी मिळून लिहिला होता. बंद गावात जो माणूस वटवाघळाला हात लावील, जात कुठलीही असो, त्याने चाळीस दिवस एकट्याने काढायचे. तेही जिथे हात लावला तिथेच. त्याला हलवायचं नाही. कोणी जवळ गेलं तर त्याचेही चाळीस.

इकडे आड, तिकडे विहीर असं लोक उगाच म्हणत नाहीत. गप्प राहिलं तर पंधरवडा भरून धुरी येणार. किनाऱ्यावरच्या प्रत्येक भुयारात आया आणि पोरं लटकल्या जागी मरणार, आणि पुढल्या कार्तिकात उरलेल्यांची पिल्लं ओरडतील तेव्हा पुन्हा तेच. पण काकापुढे नुसती मान डोलावली, तर तीन दिवसांनी जुई तिच्या कडेवर असणार. कुणाला कधीच कळलं नसतं. इरफानही बोलला नसता. त्याने तसं म्हटलं नाही, पण फोन ठेवताना तो जसा रेंगाळला त्यावरून तिला ते कळलं.

दोन दिवस तिने काहीच केलं नाही. ही गोष्ट तिने पुढे कुणाला सांगितली नाही, पण त्या दोन दिवसांत तिने चार वेळा काकाच्या अंगणापर्यंत जाऊन "हो" म्हणायची तयारी केली होती. प्रत्येक वेळी तिच्या डोळ्यांपुढे ते पानांत अडकलेलं पोर यायचं असं म्हणणं सोपं आहे. खरं तर तिच्या डोळ्यांपुढे जुईच यायची, आणि तरी पाय मागे फिरायचे. आयुष्यभर ज्याला ती खरं म्हणत आली त्याला खोटं म्हणायला तोंडच उघडेना.

तिसऱ्या दिवशी उन्हं वर आल्यावर ती भुयारात शिरली.

आत उकाडा होता आणि नाकाला झोंबणारा वास. छताला पोरं दाटीवाटीने लटकली होती, मोठ्या आया कडेकडेने. तिने डोक्यावरचा दिवा लाल काचेखाली झाकला होता. पाऊल टाकताच छतभर सळसळ झाली आणि दोन आया पोटाशी पोरं घेऊन खोल आत उडाल्या. मैथिली थांबली, पुन्हा सरकली. हाताला येईल अशा कपारीत एक पिल्लू एकटंच होतं. तिने ते मुठीत घेतलं. आवळ्याएवढं अंग, आणि काळीज असं धडधडत होतं की सगळी मूठ हलत होती.

पिल्लू ओरडलं. तिला काहीच ऐकू आलं नाही. यंत्रावर पंच्याऐंशी हजार आठशेची रेघ उमटली. पंखाच्या शिरेतून तिने टाचणीच्या टोकाएवढं रक्त घेतलं, कुपीने ते वाचलं. कोकणातली. मग तिने त्याला कपारीत परत लटकवलं आणि दिवा मालवून ती अंधारात उभी राहिली. कुठूनतरी एक पाकोळी आली, तिच्या कानाजवळून गेली, कपारीशी घुटमळली. यंत्रावर वर एक रेघ, खाली एक रेघ, पुन्हा वर, पुन्हा खाली. मग दोन्ही रेघा एकदम लांब गेल्या. आई पोराला घेऊन गेली होती.

मैथिली बाहेर आली तेव्हा मनगटातली लाल पट्टी जांभळी झाली होती, चाळीस दिवसांची खूण म्हणून. भुयारासमोर वडिलांची काजूची बाग आणि बागेत त्यांनी राखणीसाठी बांधलेली एक खोप. तिथून पुढे पाऊल टाकायची आता सोय नव्हती.

कानोसाला शिकायला एक रात्र लागली. दुसऱ्या दिवशी किनाऱ्यावरचे डबे एकेक करून हिरवे झाले. साकवाचं फाटक उघडलं तेव्हा मुणखोलात फटाके लावायला निघालेल्या पोरांना कुणीतरी आवरलं. भुयारात लहान मुलं आहेत म्हणून. इरफानने लगेच फोन केला. मैथिलीसाठी त्याने कानोसाच्या समितीकडे सवलत मागितली. समितीने कळवलं की बाब गंभीर आहे, पुढच्या बैठकीत विचार होईल. बैठक दीड महिन्याने होती.

पुनव दोन दिवसांवर आली आणि गाव झाप, भांडी, दाव्यांच्या मागे लागलं. तेव्हा कुणाच्या तरी ध्यानात आलं की गावपळणीला मागे कुणी राहून चालत नाही. आजारी म्हातारी असली तरी खाटेवर घालून नेतात. आणि मैथिलीला तर हलवता येत नव्हतं. तिने साकव ओलांडला की माळ बंद, गाव बंद, सगळं पुन्हा पहिल्यापासून.

देवळात बैठक बसली. गावपळण पुढे ढकलावी असं काही म्हणाले. पण देवाने दिलेला दिवस माणसाने कसा बदलायचा? कुणी म्हणालं, तिने आपल्यासाठी केलंय, एवढं देव समजून घेईल. कुणी म्हणालं, देव समजून घेईल, पण देवचार घेईल काय. मैथिलीला हे सगळं काकूने लांबून, बागेच्या दगडी गडग्यापलीकडे उभी राहून सांगितलं. काकूचे डोळे लाल होते.

गावपळणीच्या आदल्या दुपारी सहदेवकाका आला. डोक्याला मुंडासं, हातात नारळ, कोयती आणि बरोबर दोन मानकरी. तो बागेपासून दहा-बारा हातांवर थांबला. मैथिली खोपीच्या दारात आली. काका तिच्याकडे न बघता कामाला लागला. त्याने एक उभा दगड मातीत रोवला, त्यावर पाणी घातलं, नारळ फोडला, गाऱ्हाणं घातलं. मग पावलं मोजत डोंगराच्या अंगाने गेला आणि दुसरा दगड रोवला. मग तिसरा. बाग, खोप आणि भुयार दगडांच्या पलीकडे राहिलं. तिला समजायला थोडा वेळ लागला.

"हयसून पुढे आता मुणखोल नाय," काका म्हणाला. आता त्याने तिच्याकडे पाहिलं. "तुझ्यासाठीच घातली ही शीव, चेडवा. मनात काय ठेवू नको. गावात कोण रवला नाय म्हणान देवाक सांगूक होया."

मैथिलीने मान हलवली. तिला खरोखरच त्याचा राग आला नाही. तिच्यापायी गाव पुन्हा अडकू नये, तिलाही दोष लागू नये, यासाठी त्याने रात्रभर जागून ही युक्ती काढली असणार. तिने स्वतःही आयुष्यभर हेच केलं होतं. एक रेघ ओढायची आणि म्हणायचं, ही इकडची, ती तिकडची.

"परत इल्यार काढतलात मां, काकानू?" तिने रोवलेल्या दगडांकडे बघत विचारलं.

काकाने कोयती पुसली. 

"शीव घातल्यार काढूची नसता, बाय. ती वाढता नाय तर रवता. तू ये, जा. पण पावणी म्हणान."

दुसऱ्या सकाळी मुणखोल निघालं. बागेतून तिला सगळी वाट दिसत होती. पुढे ढोल, मग गुरं, डोक्यावर डालग्यात कोंबड्या, पाठीशी म्हाताऱ्या, दोरीला कुत्री. वाटेवर तिच्या ओळखीचा एकूण एक माणूस होता. शिवेबाहेरच्या माणसाला गावपळणीत हाक मारत नाहीत, म्हणून कुणी तिच्याकडे पाहिलं नाही. काकूने तेवढी मान वळवली आणि लगेच पदर पुढे ओढला. साकव रिकामा झाला. गावातून एकही आवाज येईनासा झाला.

संध्याकाळी पलीकडच्या माळावर चुली पेटल्या. सासूबाई जुईला घेऊन तिथे आल्या होत्या. सुनेचं माहेर उघड्यावर आहे तर भाकऱ्यांना हात लावावा म्हणून. मैथिलीच्या डोक्यावरून पाकोळ्या निघाल्या, मोठ्या आधी, लहान मागून. पोरं आता फांद्यांना अडखळत नव्हती.

फोन वाजला. जुई होती. तिच्यामागे माणसं बोलत होती, कुठेतरी भांडं पडलं.

"आई, इथे सगळं मुणखोल आलंय," जुई म्हणाली. "मी सगळ्या खोपीत शोधलं. तू नाहीस."

"नाही गं. मी इकडेच आहे."

"पण काकाआजोबा म्हणाले मुणखोलात कुणीच नाही. मग तू कुठल्या गावात आहेस?"

मैथिलीने मान वर केली. समोर तीन दगड होते, त्यांच्या पलीकडे रिकामं गाव, त्यापलीकडे खाडी. 

"आई? सांग ना."